'हाउंड डॉग' नक्की कोणाचं?

तबकडी:
रॉक अँड रोल म्हटलं की सगळे गायक एल्व्हिस प्रेस्लीपाशी जाऊन थांबतात. माझं मत विचाराल तर खरा पाया जेरी लीबर आणि माइक स्टोलर या जोडीनं घातला. लीबर शब्द लिहायचा, स्टोलर पियानोवर चाल बांधायचा. दोघांचा जन्म १९३३चा, गाठ पडली १९५०मध्ये लॉस एंजेलिसला. १९५२मध्ये ब्लूज गायिका बिग मामा थॉर्नटनची तालीम ऐकली, घरी गेले आणि पाव तासात 'हाउंड डॉग' (शिकारी कुत्रा) हे गाणं लिहून परत आले. वय वर्षं १९! पुढं 'जेलहाउस रॉक', 'यॅकेटी यॅक'... किती सांगू?

खवचट:
पाव तासाचं कौतुक पुरे. बारा 'बार'चा, म्हणजे तालाच्या बारा आवर्तनांचा, ब्लूजचा साचा, तो काळ्या कलाकारांनी आधीच घडवलेला. त्यात जीव ओतला बिग मामानं. तिची तबकडी १९५३मध्ये आर अँड बी (ऱ्हिदम अँड ब्लूज) गाण्यांच्या लोकप्रियता यादीत सात आठवडे पहिली होती, आणि तिच्या सांगण्याप्रमाणे हातात पडले ५०० डॉलर. तुमच्या जोडीची नावं मात्र अजून छापली जाताहेत.

तबकडी:
पैसे बुडाले हे वाईटच, पण त्याचा राग गीतकारांवर का? आणि बिग मामा आधी ते गाणं गोड गळ्यानं आळवत होती. लीबरनं स्वतः गाऊन दाखवलं, तेव्हा कुठं ती गुरगुर आली.

खवचट:
हे सांगितलं कोणी? लीबर-स्टोलरनीच ना! घरचंच प्रमाणपत्र.

मधला बाक:
दोघांनाही अर्धे गुण. मूळ गाणं म्हणजे आयतोबा पुरुषाला दाराबाहेर काढणारी बाई. एल्व्हिसनं १९५६मध्ये लास वेगासमध्ये गाणाऱ्या फ्रेडी बेलचं रूप उचललं, त्यात 'तू कधी ससा पकडला नाहीस' ही ओळ घुसली आणि गाणं खरोखरच्या कुत्र्याचं झालं. लीबरला ती ओळ कधीच आवडली नाही. म्हणजे शब्दांना किंमत होती, बरं का खवचटराव.

खवचट:
शब्दांना होती, मान्य. पण शब्द बदलूनही एल्व्हिसचं गाणं तुफान चाललं, त्याचं काय? बिग मामाच्या तबकडीच्या शेवटी वादक चक्क भुंकतात. हेडफोन लावून ऐका, मग बोलू.

तबकडी:
ऐकलं. आत्ता तिसऱ्यांदा लावलंय. मत बदललेलं नाही, पण तो गिटारवाला कसला भारी आहे!