प्रकाश आणि नाद यांच्या एकाच कलाकृतीला काय म्हणावं?

एका कल्पनारम्य कथेतल्या कलाकृतीसाठी नाव हवं आहे. डोंगराच्या पोटात कोरलेलं दालन, छतापासून टांगलेल्या स्फटिकाच्या पातळ पट्ट्या आणि मधोमध एकच ज्योत. ज्योतीचा उजेड ज्या पट्टीवर पडतो ती वाजते. तांबूस उजेडात खर्जात, निळसर उजेडात तार सप्तकात. उलट, समोर बसलेल्यांपैकी कुणी गुणगुणलं की पट्ट्यांतला रंग पालटतो.

आपल्या जगात प्रकाश सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर जातो आणि आवाज हवेतून जेमतेम ३४० मीटर, म्हणून वीज आधी दिसते आणि मग ऐकू येते. कथेतल्या जगात दोन्ही एकाच वेगाने पोचतात. त्यामुळे तिथल्या लोकांना या दोन वेगळ्या गोष्टी वाटतच नाहीत, आणि खरी अडचण इथेच सुरू होते.

नादप्रभा, ध्वनिदीप, प्रकाशनाद, स्वरतेज असे शब्द लगेच सुचतात. कानाला बरेही वाटतात. पण सामासिक शब्दात दोन पदं शेजारी ठेवलेली दिसतात आणि सांधा लपत नाही. ज्यांनी उजेड आणि नाद कधी वेगळे अनुभवलेच नाहीत ते लोक असा शब्द का घडवतील? हे शब्द फार तर तिथल्या पोथ्यांत शोभतील, बोलण्यात नाहीत.

‘वर्ण’ मात्र मोहात पाडतो. वर्ण म्हणजे रंग आणि वर्ण म्हणजे उच्चारातला ध्वनीही. शिवाय संगीतशास्त्रात स्थायी, आरोही, अवरोही, संचारी हे स्वरांच्या चालीचे वर्ण आहेतच. ‘नारदीय शिक्षा’ या उच्चार आणि स्वरांवरच्या जुन्या संस्कृत ग्रंथात तर स्वरांना रंग दिले आहेत: षड्ज कमळाच्या वर्णाचा, गांधार सोन्यासारखा, मध्यम कुंदाच्या फुलासारखा, पंचम काळा, धैवत पिवळा आणि निषाद सगळ्या रंगांचा. ‘राग’ शब्दाच्या मुळाशीही रंगवणं आहेच. तरीही कथेत ‘वर्ण’ वापरू नये असं माझं ठाम मत आहे. वाचणाऱ्याच्या मनात चातुर्वर्ण्य उभं राहील आणि ते दालन मागे पडेल.

मग बोलीकडे वळावं. लखलख, झगमग, लुकलुक, मिणमिण, चमचम. उजेडाला आवाज नसतो, तरी त्याच्यासाठी आपण खणखण, छमछम, रुणझुण यांच्याच घडणीचे शब्द वापरतो. रणत्कारातला ‘रण’ रणरणत्या उन्हातही ऐकू येतो. वीज तर चमकते, लखलखते आणि कडाडतेही. कर्ता एकच, क्रियापदं डोळ्याची आणि कानाचीही. म्हणजे उजेड कानाने सांगायची सवय मराठीला आधीपासूनच आहे, ती नव्याने लावायला नको.

त्या सवयीतून मी ‘झगझुण’ सुचवेन. झगमगमधला झग, रुणझुणमधला झुण. ‘लखझुण’ही चाललं असतं, पण ख आणि झ लागोपाठ म्हणताना जीभ अडखळते. ‘झळझुण’ ऐकायला सर्वांत गोड आहे, पण ‘झळ लागणे’ला तोशिशीचा अर्थ चिकटलेला आहे आणि या कलाकृतीत चटका कुठेच नाही. झगझुणमध्ये दोन्ही भाग झ-नेच सुरू होतात, त्यामुळे जोड जाणवत नाही.

लिंग अर्थातच स्त्रीलिंग: ती किलबिल, ती लगबग, तशी ती झगझुण. सामान्यरूप गडबडीत, लगबगीने यांच्या चालीवर: झगझुणीत, झगझुणीने. ‘झगझुणेत’ नको.

क्रियापदाचं काय? इथे मराठीने कामच सोपं करून ठेवलं आहे. दिवा लावतात, सूर लावतात, तंबोराही लावतात. दिवा लागतो, तसा सूरही लागतो. बारकाईने पाहिलं तर दिवा लावणं म्हणजे पेटवणं आणि तंबोरा लावणं म्हणजे तारा सुरात आणणं. या कलाकृतीत दोन्ही करावं लागतं: आधी एकेक पट्टी ज्योतीच्या कोनात फिरवून सुरात आणायची, मग ज्योत पेटवायची. ‘तिने झगझुण लावली’ एवढ्या तीन शब्दांत दोन्ही कृती येतात. ‘झगझुण सादर केली’ लिहिलं तर हे सगळं हातचं जाईल. संपताना ती ‘विझली’ म्हटलं तर नुसती ज्योत उरते आणि ‘थांबली’ म्हटलं तर नुसता आवाज. ‘विरली’ म्हणावं, उजेडही विरतो, सूरही विरतो.

ती लावणाऱ्या कलावंताला ‘झगझुणकार’ म्हणायचा विचार होता, पण ‘-कार’ चित्र, शिल्प, नाटक अशा शब्दांना जितका शोभतो तितका अशा नादशब्दाला शोभत नाही. टाळकरी, वीणेकरी यांच्या ओळीत ‘झगझुणकरी’ सहज बसतो.

राहता राहिला प्रेक्षक की श्रोता हा प्रश्न. ‘झगझुण पाहिली’ अर्धवट, ‘ऐकली’ही अर्धवट, आणि ‘अनुभवली’ हे कुठल्याही गोष्टीला चालतं म्हणून इथे फिकं पडतं. आपण कीर्तनाला बसतो, गाण्याला बसतो. त्यात डोळे-कान असा भेद करावा लागत नाही. त्या जगातला माणूसही घरी उशिरा आल्यावर एवढंच सांगेल: ‘झगझुणीला बसलो होतो.’