‘याचिका निकाली’ म्हणजे जिंकला का हरला?

घाटंजीकर: कापसाच्या भावासाठी आमच्या गावच्या पोरांनी चक्काजाम केला होता. भादंवि म्हणजे भारतीय दंड विधानाचे कलम १४३ (बेकायदा जमाव), ३४१ (वाट अडवणं) लागले. त्यातल्या एकानं गुन्हा रद्द करायले नागपूर खंडपीठात याचिका टाकली. मधातच सरकारनं केस वापस घेतली, अन् पेपरात आलं, ‘याचिका निकाली’. अर्धं गाव म्हणते जिंकला, अर्धं म्हणते हायकोर्टानं हाकलून लावलं. खरं काय समजाव?

हिंगणघाटची ताई: दोन्ही नाही, भाऊ. मागणी मान्य झाली तर याचिका ‘मंजूर’, नाकारली तर ‘फेटाळली’. ‘निकाली काढली’ म्हणजे ते प्रकरण कोर्टापुढून संपलं, एवढंच. खटलाच उरला नाही, तर रद्द काय करणार? गुन्हा खरा होता की खोटा, त्यावर हायकोर्ट अशा वेळी बहुधा काही बोलतच नाही.

वणीचा वकील: ताईंचं बरोबर. मला खटकतं ते ‘सरकारनं केस वापस घेतली’. सरकार फक्त ठरवतं. अर्ज सरकारी वकिलाचा, तोही त्यानं स्वतः विचार करून द्यायचा, आणि परवानगी खटला चालू आहे त्या कोर्टाची. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ३२१. १ जुलै २०२४ पासूनच्या नागरिक सुरक्षा संहितेत ३६०, आणि तिथे पीडिताचं म्हणणं ऐकल्याशिवाय परवानगी देता येत नाही. आरोपी आजी-माजी आमदार-खासदार असेल तर उच्च न्यायालयाचीही परवानगी लागते, हे सर्वोच्च न्यायालयानं २०२१ मध्ये सांगितलं. आपल्या पोरांना ते लागू नाही!

दारव्हेकर: आमच्याकडे ‘राजीनामा झाला’ म्हणतात, ते हेच का?

वणीचा वकील: नाही दादा. राजीनामा म्हणजे फिर्यादी-आरोपीची आपसातली तडजोड, कलम ३२०. चक्काजामात फिर्यादी बहुतेक पोलीसच, तडजोड कोणाशी करता?

घाटंजीकर: मंग पोरगा नुसता सुटला का निर्दोष झाला? पोलीस भरतीचा फॉर्म भरायचा हाये त्याले.

वणीचा वकील: हा खरा प्रश्न. दोषारोप ठेवण्याआधी, म्हणजे नेमका कोणता आरोप ते कोर्टानं लेखी ठरवण्याआधी, खटला मागे घेतला तर आरोपीला नुसतं सोडतात. त्याला निर्दोष मुक्तता म्हणत नाहीत, आणि कायद्यात तो खटला पुन्हा उभा राहायला जागा उरते. दोषारोप ठेवल्यानंतर घेतला, किंवा दोषारोप ठेवावाच लागत नाही असा लहान गुन्हा असला, तर निर्दोष मुक्तता. १४३ आणि ३४१ त्या लहान गुन्ह्यांतले. मात्र सोबत ३५३ लावलं असेल, म्हणजे सरकारी नोकराला कामापासून रोखायला हल्ला किंवा बळजबरी केल्याचं, तर खटला कोणत्या टप्प्यावर होता ते पाहावं लागेल. बातम्यांत ‘दोषमुक्त’ हा शब्द दोन्हींसाठी सर्रास वापरतात, त्यावर जाऊ नका.

तालुका कोर्टाच्या आदेशाची नक्कल काढा. भरतीत ती लागेल, पेपरचं कात्रण नाही. आणि फॉर्मात ‘कधी गुन्हा दाखल झाला होता का’ विचारलं तर ‘हो’ लिहून पुढे आदेश जोडा. लपवलं तर पडताळणीत तेच अंगावर येतं.

घाटंजीकर: ३५३ नाही, वकीलसाहेब. सोमवारी नक्कलेचा अर्ज टाकतो.