माहितीपट अडकला आहे, तातडीने मार्गदर्शन हवे आहे

रानपाखरू (नाशिक):
सुरगाणा आणि पेठ तालुक्यांतून दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत येणाऱ्या मजुरांवर मी गेली तीन वर्षे माहितीपट करतो आहे. एडिटिंग संपत आले, पण साउंड मिक्सिंगसाठी पैसे उरलेले नाहीत. एक संस्था पैसे द्यायला तयार आहे, मात्र मुकादमाच्या उचलीविषयीचा (मजुरांना आगाऊ दिलेल्या पैशांविषयीचा) सहा मिनिटांचा प्रसंग तिला नको आहे. याच क्षेत्रात टिकायचे असेल तर ऐकावे की नाही? शुक्रवारपर्यंत उत्तर द्यायचे आहे.

गोदाकाठ:
आतापर्यंतचा खर्च कोणी केला? करार आहे का? हे कळल्याशिवाय काय सांगणार?

एकलव्य_७:
सरळ नकार द्या. मी लग्नांच्या शूटिंगमधून मिळालेल्या पैशांवर दोन माहितीपट पूर्ण केले. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी मुंबईच्या रमाबाई नगरातील 1997 च्या गोळीबारानंतर चित्रीकरणास घेतलेला 'जय भीम कॉम्रेड' 2011 मध्ये पूर्ण झाला. घाई कशाला?

सह्यकडा:
चौदा वर्षांचा दाखला देणे सोपे आहे, तेवढा काळ घर कोणी चालवायचे? प्रसंग वगळून पैसे घ्यावेत आणि पुढचा माहितीपट मनासारखा करावा.

एकलव्य_७:
एकदा वगळणाऱ्याला पुढच्या वेळीही वगळायलाच सांगतात. हा माझा अनुभव आहे.

ध्वनिवेडा:
बागेत फवारणीच्या ब्लोअरचा आवाज फार येतो, म्हणून कॉलर माइक वापरावा आणि त्याला वाऱ्यापासून आडोसा करावा.

रानपाखरू:
चित्रीकरण केव्हाच संपले आहे. पहिल्या वर्षाचा प्रवासखर्च याच संस्थेने दिला होता, बाकी सर्व माझे. बोलणे तोंडीच झाले होते.

गोदाकाठ:
हे आधी सांगायला हवे होते. 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार, मोबदला देऊन करवून घेतलेल्या चित्रपटाचा पहिला हक्क, वेगळा करार नसल्यास, करवून घेणाऱ्याकडे जातो. तो प्रवासखर्च म्हणजे मोबदला नव्हे, निव्वळ मदत होती, हे संस्थेकडून आधी लेखी घ्या. प्रसंगाचे त्यानंतर बोला. आणि त्या प्रसंगात बोलते कोण?

रानपाखरू:
एक बाई. बोटाला चिंधी बांधून, कात्रीने घड विरळत असतानाच ती उचलीचा हिशेब सांगते. हात एकदाही थांबत नाही. म्हणूनच तो प्रसंग मला सोडवत नाही. संमतीपत्रावर पहिल्याच वर्षी तिचा अंगठा घेतला आहे.

पेठची_शिक्षिका:
दादा, त्या अंगठ्याला तीन वर्षे झाली. माझ्या शाळेतल्या मुलांचे आईवडील दरवर्षी असेच बागांवर जातात, म्हणून विचारते: पुढच्या हंगामात ती त्याच मुकादमाबरोबर जाणार आहे का? हा प्रसंग जसा जोडला आहे, तसा तिने पाहिला आहे का?

रानपाखरू:
नाही, दाखवलेला नाही. ऑक्टोबर छाटणीपर्यंत ती गावीच असते. उद्या लॅपटॉप घेऊन सुरगाण्याला जातो आणि तिला सहाही मिनिटे दाखवतो. संस्थेला मुदत वाढवून मागितली आहे, त्याच पत्रात प्रवासखर्चाचा खुलासाही मागितला आहे.