रिचफेसेसवरचे जुने अ‍ॅप्लिकेशन: प्राइमफेसेस घ्यावे की थायमलीफकडे वळावे?

गोदाकाठ: आमचे भांडार-नोंदणीचे अंतर्गत अ‍ॅप्लिकेशन जेएसएफ २.२ (जावातील वेबपानांची चौकट, आताचे नाव फेसेस) आणि रिचफेसेस ४ (तिच्यासाठी तयार घटक पुरवणारी लायब्ररी) यांवर उभे आहे. रिचफेसेसची देखभाल २०१६ मध्येच थांबली आणि आता सर्व्हर जकार्ता ईई १० (जावा ईईचा पुढचा अवतार) वर न्यायचा आहे. कंपोनंट लायब्ररी बदलून प्राइमफेसेस घ्यावे, की स्प्रिंग बूट ही जावा चौकट आणि थायमलीफ ही एचटीएमएल साचे भरणारी लायब्ररी घेऊन सगळे नव्याने लिहावे?

सर्व्हरवाला: पाने मुख्यतः तक्ते, फॉर्म आणि शोध यांचीच असतील, तर नव्याने लिहिण्याचा खर्च मला समर्थनीय वाटत नाही. मात्र कामाचा क्रम नीट ठेवावा. आधी जुन्याच सर्व्हरवर एकेक पान प्राइमफेसेसवर आणावे आणि पॅकेजच्या नावांतील जावाएक्सचे जकार्ता हे नामांतर सर्वांत शेवटी करावे, म्हणजे बिघाड कशामुळे झाला ते कळते. एकाच पानावर दोन्ही लायब्ररी ठेवू नयेत. दोघी आपापले जेक्वेरी आणतात आणि मग कॅलेंडर उघडेनासे होते. मोठ्या तक्त्यांसाठी लेझी डेटा मॉडेल वापरावे, नाहीतर पन्नास ओळी दाखवण्यासाठी सगळी यादी मेमरीत येऊन बसते.

अल्पविराम: खरा प्रश्न पानाची स्थिती कोठे राहते हा आहे. फेसेसमध्ये कंपोनंटच्या झाडाची स्थिती सहसा सर्व्हरवरील सेशनमध्ये राहते आणि मोहारा (फेसेसची प्रचलित अंमलबजावणी) एका सेशनमागे मुळात पंधराच व्ह्यू जपते, त्यामुळे अनेक टॅब उघडून बसणाऱ्या वापरकर्त्याला ‘व्ह्यू एक्स्पायर्ड’ (पानाची स्थिती उरली नाही) या त्रुटीचा सामना करावा लागतो. ही मर्यादा वाढवता येते, पण मेमरीही तितकीच लागते. थायमलीफ आणि एचटीएमएक्स (पानाचा हवा तेवढाच भाग सर्व्हरकडून बदलून घेणारी जावास्क्रिप्ट लायब्ररी) यांच्या जोडीत हे ओझे नसते. मात्र तक्त्यातील क्रमवारी, गाळणी आणि पानांची विभागणी स्वतः लिहावी लागते. बाहेरच्या हजारो लोकांसाठीचे संकेतस्थळ असते तर मी तीच जोडी सुचवली असती.

गोदाकाठ: वापरकर्ते कार्यालयातलेच आहेत, त्यामुळे प्राइमफेसेसचाच विचार पक्का करतो. चाचणीसाठी एका पानावरील बीनवरचे (पानामागच्या जावा वर्गावरचे) ‘मॅनेज्ड बीन’ हे अ‍ॅनोटेशन बदलून ‘नेम्ड’ केले, तर फॉर्ममध्ये भरलेली मूल्ये सेव्ह करताना रिकामी मिळतात. याचे कारण काय असावे?

सर्व्हरवाला: व्ह्यू स्कोप, म्हणजे पान उघडे असेपर्यंत बीन टिकवणाऱ्या अ‍ॅनोटेशनचा इम्पोर्ट तपासा. तो फेसेसच्या ‘बीन’ पॅकेजमधला राहिला असेल, तर सीडीआय (‘नेम्ड’ बीन सांभाळणारी जावाची यंत्रणा) त्याची दखलच घेत नाही. बीन डिपेंडंट, म्हणजे स्वतःचा स्कोप नसलेली ठरते आणि पानावर तिचा उल्लेख येईल तेथे दरवेळी नवी प्रत तयार होते. जेएसएफ २.२ पासून ‘व्ह्यू’ पॅकेजमध्ये याच नावाचे अ‍ॅनोटेशन आहे, ते घ्यावे आणि बीन सिरियलायझेबल करावी. फेसेस ४.० मधून जुने पॅकेज काढूनच टाकले आहे, तेव्हा हा बदल सर्व बीनमध्ये आत्ताच करून घ्यावा.