उधाणकुंभाला मर्यादा काय घालू? (काल्पनिक जगातलं ऊर्जेचं यंत्र)

खाडीकाठची, ऐरोली
नमस्कार मंडळी, गेली दोन वर्षं मराठीत एक फँटसी कादंबरी लिहितेय आणि एका जागी पार अडकलेय म्हणून इथे विचारतेय. तिवरगड नावाचं शहर खाडीच्या तोंडावर वसलंय (आमच्या खिडकीतून दिसते तीच खाडी डोक्यात आहे, फक्त पलीकडे मुलुंडच्या बिल्डिंगींच्या जागी बुरूज) आणि तिथे लाकूड नाही, कोळसा नाही, सगळं चालतं ते उधाणकुंभावर. मातीचा कुंभ, हंड्याएवढा, आतून शिंपल्यांच्या चुन्याचा लेप. अमावस्येला भरती लागली की खाडीत बुडवायचा, तो भरतीचा जोर आत ओढून घेतो आणि पोटावरची निळी रेघ हळूहळू वर चढत गळ्यापर्यंत येते. मग पुढचे पंधरा दिवस त्यावर जाती, भाते, दिवे सगळं. मैत्रिणीने वाचलं आणि म्हणाली, एवढं फुकट मिळतंय तर तुझी माणसं भांडतील कशाला? खरंय तिचं. पण 'तीनदाच वापरता येतो' असले वरून चिकटवलेले नियम मला नकोत, आतूनच पटेल असं बंधन हवंय. आणि त्या जगाला चंद्र दोन द्यायचेत, ते चालेल का?

पंपवाला, नेरूळ
ताई कल्पना मस्त आहे, पण हंडा फार छोटा पडतो. २० लिटर पाणी ४ मीटर वर चढलं तर त्यात जेमतेम ७८५ ज्यूल, म्हणजे ९ वॉटचा एलईडी दीड मिनिटसुद्धा धड चालत नाही. तेच १ हेक्टरचा तलाव भरतीला भरून घेतला, ओहोटीपर्यंत अडवला आणि ४ मीटरच्या फरकाने सोडला तर हिशोबाने २२० च्या आसपास युनिट निघतात, आमच्या घरचं महिन्याचं बिल साधारण तेवढ्याचंच येतं. आणि हे प्रत्येक भरतीला. फरक निम्मा झाला, २ मीटर, तर मात्र चौथा हिस्साच, कारण पाणीही निम्मं आणि उंचीही निम्मी. म्हणून कुंभ ही कोठी नव्हे, ते नुसतं तोंड आहे असं धरा, मागे अख्खी खाडी जोडलेली. जोर कुठूनतरी येणारच ना, तो ज्याचा जातो त्याची गोष्ट लिहा. वाशीचे धारण तलाव बघून या, भरतीला झडपा मिटतात, पावसाचं पाणी आत थांबतं आणि ओहोटीला बाहेर जातं, तिथे दोन तास उभं राहिलात तर झडपेवर पाण्याचा भार कसा येतो ते डोळ्यांनी दिसेल.
फ्रान्समध्ये ला राँस नदीच्या मुखावर १९६६ पासून भरतीवर वीज करतात, २४० मेगावॉट. बांधताना जवळपास तीन वर्षं ते मुख समुद्रापासून तोडलं होतं, आतले बहुतेक जीव गेले आणि सावरायला दहाएक वर्षं लागली. तुमच्या तिवरगडाने हेच केलेलं असू शकतं.

डोलकर, विटावा
ताई, उधाणाचं लिहिलंत तसं भांगाचंही, म्हणजे कमी भरतीचंही लिहा. अष्टमी-नवमीला भांग असतो, पाण्याला ओढच नसते, डोल (आमचं पिशवीसारखं जाळं) खुंटाला बांधलेली असून फुगत नाही. आजोबांनी डोल चालवली, त्यांच्याकडे घड्याळ नव्हतं. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ, अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ, आणि अमावस्येला बाराच्या सुमारास. तुमच्या शहरात तिथी सांगणारा माणूस राजापेक्षा मोठा असला पाहिजे, खोटी तिथी सांगितली तर अर्धं शहर रिकामे कुंभ घेऊन परत येईल.

तारांगण, ठाणे पश्चिम
दोन चंद्र जरूर ठेवा, फक्त अंतर जपून. भरतीचा ओढा अंतराच्या घनाने बदलतो, चंद्र निम्म्या अंतरावर आला तर ओढा आठपट, शहर राहणारच नाही. दुसरा लहान आणि लांबचा ठेवा. आपल्याकडे सूर्याचा ओढा चंद्राच्या निम्म्याहून थोडा कमी आहे, तो कधी चंद्राच्या बाजूने तर कधी काटकोनात, त्यानेच उधाण आणि भांग होतो. तिसरा ओढा आला की तिघे क्वचितच एका रेषेत येतील. म्हणजे एखादं महाउधाण, आणि मध्ये लांबच लांब भांगाचे महिने.

खाडीकाठची, ऐरोली
सगळ्यांना मनापासून थँक्यू, पंपवाल्या दादांचं 'जोर ज्याचा जातो' वाचलं आणि गाठ सुटली. उधाणाचं पाणी आत घेतल्याशिवाय मिठागर चालत नाही. तिवरगड तोंडाशी बसून जोर पिऊन टाकतो आणि वरच्या अंगाच्या आगरांत पाणी पोचत नाही, मिठागरवाल्यांची तीन वर्षं कोरडी गेलीत, तिवरं वाळतायत. पहिला प्रसंग असा, अमावस्या, भर दुपारी बारा, एक बाई उघाडीवर (आगराच्या बांधातल्या दारावर) पाणी आत घ्यायला उभी आहे आणि पाणी येतच नाही. डोलकर दादा, हे तिला सगळ्यात आधी कशावरून कळेल?

डोलकर, विटावा
खेकड्यांवरून. एक नांगी मोठी असते ना, ते चिखलातले छोटे खेकडे. पाणी यायच्या आधी ते मातीचा गोळा ओढून बिळाचं तोंड बुजवतात. त्या दिवशीही बुजवतील. तिने वाट बघायची, चिखलाला वरून भेगा पडायला लागतील, आणि मग एकेक खेकडा गोळा ढकलून परत वर येईल.