मेक्सिको सिटीत म्युरल्स बघायला गाइडेड वॉकिंग टूर घ्यावी का? (सोबत आई-बाबा आणि गुडघे)

रेवा_ह्यूस्टन
मंडळी, जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात चार दिवस मेक्सिको सिटीला जातोय. मी, नवरा आणि वर्ध्याहून आलेले आई-बाबा. बाबा चित्रकलेचे निवृत्त शिक्षक. त्यांना दिएगो रिवेरा, ओरोस्को आणि सिकेरोस यांची भित्तिचित्रं बघायची आहेत, पिरॅमिड नाही दिसले तरी चालेल म्हणतात. एक अख्खा दिवस त्यासाठी ठेवलाय. गाइडबरोबर पायी फिरायची टूर घ्यावी की आपलं आपण फिरावं? बजेट चौघांचं मिळून १०० डॉलर, त्यावर नाही. बाबांचे गुडघे दुखतात, पण सावकाश दोन-तीन किलोमीटर चालतात. आई शाकाहारी, अंडंही नाही. सगळ्यांचे अमेरिकेचे व्हिसे चालू आहेत, तेव्हा व्हिसाचं नको, टूरचं सांगा.

सह्याद्री_७८
मेक्सिकोचा वेगळा व्हिसा काढावा लागतो. आमच्या ओळखीतलं एक जोडपं विमानतळावरून परत आलंय.

जेट_लॅग
डोळे मिटून प्रायव्हेट गाइड घ्या. आम्ही कलेच्या इतिहासाची प्राध्यापिका घेतली होती, दिवसभर, गाडीसकट. ३०० डॉलर गेले, पण पै न् पै वसूल. आणि तेवढ्यासाठी गेलाच आहात तर विमानाने ग्वादालाहाराला जाऊन या. तिथल्या ओस्पिसिओ काबान्यासच्या घुमटात ओरोस्कोने १९३०च्या दशकाच्या शेवटी पेटलेला माणूस रंगवलाय. त्याच्यापुढे मेक्सिको सिटीतलं सगळं फिकं. आम्ही बाकावर उताणे पडून बघितलं.

रेवा_ह्यूस्टन
१०० डॉलर म्हटलंय हो वर. चौघांचे.

पाटणकर_काका
@सह्याद्री, अमेरिकेचा व्हिसा चालू असेल तर मेक्सिकोचा वेगळा लागत नाही. तुमच्या ओळखीच्यांचा स्टॅम्प संपलेला असणार.

सह्याद्री_७८
असेल. पण काढून ठेवायला काय जातं?

खिडकीवाली
टिपवाल्या 'फ्री' टूरच्या नादी लागू नका. आमची तीन तासांची होती, पंचवीस माणसं, पुढे एक मुलगा पिवळी छत्री उंच धरून. नावात 'म्युरल', पण आत नेलंच नाही कुठे. बेयास आर्तेस या कलाभवनासमोर उभं राहून म्हणाला, आत फार सुंदर चित्रं आहेत, नंतर बघून घ्या. उरलेला वेळ टाको कुठे चांगले मिळतात ते आणि मेट्रोतले पाकीटमार. शेवटी माणशी २०० पेसो टिप मागितली, अगदी गोड हसून. बुक करण्याआधी एकच विचारा: कुठल्या कुठल्या इमारतींच्या आत नेता? तिकीट धरून की वेगळं? उत्तर गुळमुळीत आलं की सोडून द्या.

मध्यमवर्गी_मुसाफिर
+१. टिपवाल्या टूर म्हणजे शुद्ध वेळकाढूपणा. आम्ही प्रागमध्ये घेतली होती.

चुनखडी
गाइड लागतच नाही. जुन्या शहरात सगळं एकमेकांच्या हाकेवर आहे. क्रम सांगतो.

सकाळी आधी सान इल्देफोन्सो, म्हणजे जुनं कॉलेज, आता संग्रहालय. म्युरल्सची चळवळ सुरू झाली ती इथे. रिवेराचं पहिलं म्युरल, 'ला क्रेआसिओन', इथल्या सभागृहात १९२२ साली सुरू झालं. खरं सांगायचं तर ते जरा इटलीहून नुकत्याच परतलेल्या माणसाचं वाटतं. ओरोस्को मात्र तिन्ही मजल्यांवर आहे आणि तो थांबवून ठेवतो. 'ला त्रिंचेरा' म्हणजे खंदक, त्यात तीन माणसं, एकाचाही चेहरा नीट दिसत नाही. रिवेराची क्रांती बघून माणूस घोषणा देईल, ओरोस्कोची बघून गप्प बसेल. हे माझं मत, भांडू नका.

तिथून दोन-तीन मिनिटांवर शिक्षण मंत्रालयाची जुनी इमारत. रिवेराने १९२३ ते १९२८ अशी पाच वर्षं दोन चौकांभोवतीचे तीन मजले रंगवले, दोनशेहून जास्त पॅनेल. इथे घाई केलीत तर सगळं फुकट. खालून सुरू करा: आधी विणकर, रंगारी, खाणकामगार, मग सणवार, सर्वात वर क्रांतीचे पोवाडे. ते 'कोर्रिदो' म्हणतात, पण आपल्याला पोवाडाच म्हटलं की कळतं. चित्रांवरून लाल पट्टी गेली आहे आणि तिच्यावर गाण्याच्या ओळी लिहिल्या आहेत. फ्रीदा काहलो (चित्रकार, पुढे रिवेराची बायको) बंदुका वाटतेय ते चित्रही इथलंच.

जेट_लॅग
तिथे सरकारी ऑफिस आहे, पासपोर्ट ठेवून घेतात. प्राध्यापिकाबाईंच्या ओळखीने आम्हाला सोडलं.

चुनखडी
ती जुनी गोष्ट. २०२४ पासून तिथे म्युरल्सचं संग्रहालय आहे. ओळख लागत नाही.

दडपे_पोहे
एवढं फिरून शेवटी चुन्यावरचं फ्रेस्कोच ना? आपल्या अजिंठ्यात दीड हजार वर्षांपूर्वी फ्रेस्को होते, तेही अंधारात काढलेले. त्याची टूर कुणी विचारत नाही.

चुनखडी
अजिंठा फ्रेस्को नाही. तिथे माती, भुसा वगैरेंचा लेप, वर चुन्याचा पातळ हात, आणि सगळं वाळल्यावर रंग. तो टेम्परा. फ्रेस्को म्हणजे गिलावा ओला असताना रंगवायचं. गवंडी सकाळी त्या दिवसापुरताच तुकडा लिंपतो, चित्रकाराने तो वाळायच्या आत संपवायचा, चुकला तर खरवडून पुन्हा. नीट बघितलं तर रिवेराच्या भिंतींवर एका दिवसाचं काम कुठे संपलं त्या कडा दिसतात. याच इमारतीत त्याने सुरुवातीला रंगात निवडुंगाचा चीक मिसळून बघितला, प्राचीन युक्ती म्हणून. तो कुजून डाग पडले आणि नाद सोडावा लागला. सिकेरोसची तऱ्हा वेगळी, तो मोटारींना मारायचे रंग फवाऱ्याने मारायचा.

दडपे_पोहे
शाळेच्या पुस्तकात फ्रेस्कोच होतं.

खिडकीवाली
धाग्याला फाटे फोडू नका. रेवा, सोमवारी संग्रहालयं बंद, तो दिवस टाळा. आणि शहर २२४० मीटरवर आहे, पहिल्या दिवशी जिना चढताना मलाच धाप लागली, मी चाळिशीची. म्युरल्स दुसऱ्या दिवशी ठेवा. जुलैत दुपारी हमखास पाऊस, पण तेव्हा तुम्ही आतच असाल.

बटाटावडा_मेक्सिकन
आईंच्या जेवणाचं कुणी बोललंच नाही. 'सिन कार्ने' म्हणून भागत नाही, कार्ने म्हणजे नुसतं लाल मांस, चिकन येतं. 'सिन पोयो' पण म्हणा. बीन्समध्ये डुकराची चरबी असते, 'सिन मान्तेका' का ते विचारा. माझ्या सासूबाईंनी दोन दिवस मिटक्या मारत खाल्लं, तिसऱ्या दिवशी कळलं. अजून अबोला आहे. नोपाल, म्हणजे निवडुंगाची भाजी, घातलेले त्लाकोयो (मक्याच्या जाड, लांबट भाकऱ्या) उत्तम. आणि त्या शहरात केसादिया (दुमडलेली मक्याची पोळी, आत सारण) मागितली तर चीज असेलच असं नाही, 'कोन केसो' सांगावं लागतं. यावर त्यांचे आपसातही वाद आहेत.

मध्यमवर्गी_मुसाफिर
बेयास आर्तेस चुकवू नका. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर सेंटरमध्ये रिवेराने लेनिन काढला म्हणून मालकांनी भिंत फोडून टाकली, ते चित्र गड्याने १९३४ला इथे पुन्हा काढलं, शिवाय रॉकफेलरला दारूच्या पेल्यासकट आत घातलं. शेजारी ओरोस्को, सिकेरोस, तामायो, सगळे एकाच छताखाली. गुडघे दुखत असतील तर फक्त एवढंच बघा आणि समोरच्या बागेत बसा. बागेच्या पलीकडच्या टोकाला रिवेराचं आणखी एक पंधरा मीटर लांब चित्र आहे, त्याच बागेतल्या रविवार दुपारचं. ते आधी एका हॉटेलात होतं, १९८५च्या भूकंपात हॉटेल मोडलं, चित्र वाचलं, मग त्याच्यासाठी वेगळी इमारत बांधली.

सह्याद्री_७८
फ्रीदाच्या निळ्या घराची तिकिटं आधी काढा, दारात मिळत नाहीत.

वऱ्हाडी_ठेचा
अरे बाप्पा, रेवाताई, तुमचे बाबा वर्ध्याचे अन् अजून कोणी खानखोज्यांचं नाव घेतलं नाही? पांडुरंग खानखोजे, वर्ध्याचे, गदर पक्षातले क्रांतिकारक. इंग्रजांमुळे घरी परतता येईना, तर १९२४मध्ये मेक्सिकोला गेले, चापिंगोच्या शेतकी शाळेत प्राध्यापक झाले, मक्याच्या वाणांवर काम केलं, शेतकऱ्यांसाठी मोफत शाळा काढल्या. रिवेराशी दोस्ती. त्या मंत्रालयाच्या इमारतीत सर्वात वरच्या मजल्यावर 'एल पान नुएस्त्रो', आपली भाकर, असं १९२८चं चित्र आहे. टेबलाभोवती माणसं बसलेली, मधला जो भाकर तोडून देतो ते खानखोजे. मी गेलो तेव्हा आमच्या गाइडला हे ठाऊकच नव्हतं. मी मोबाइलवर त्यांचा फोटो दाखवला, तर तोच माझा फोटो काढायला लागला. चापिंगोत २०२२मध्ये पुतळाही बसवलाय. १९६७ला नागपुरात गेले, अन् नागपुरात विचाराल तर दहातल्या नऊ जणांना पत्ता नाही.

आम्ही जिन्यानेच चढलो. बाबांसाठी लिफ्टचं दारावरच विचारून घ्या. वेळ पडली तर बाकी सगळं सोडा, पण ते चित्र सोडू नका.

जेट_लॅग
आम्ही बहुतेक पाहिलंय ते. बाईंनी पुष्कळ काही दाखवलं.

पाटणकर_काका
वऱ्हाडी, माहितीबद्दल धन्यवाद. चापिंगोलाही जाता येईल, तिथल्या जुन्या चॅपेलमध्ये रिवेराचीच चित्रं आहेत. पण ते तेस्कोकोजवळ, जाऊन-येऊन निम्मा दिवस जातो.

रेवा_ह्यूस्टन
सगळ्यांचे आभार. अख्खा धागा रात्री बाबांना वाचून दाखवला. खानखोज्यांपाशी त्यांनी मला थांबवलं आणि आईला हाक मारली. त्यांच्या वडिलांनी खानखोज्यांना नागपुरात एका सभेत ऐकलं होतं म्हणे. हे मला आजवर कधी सांगितलं नव्हतं.

ठरलं ते असं. दुसऱ्या दिवशी उघडल्या उघडल्या त्या इमारतीत जायचं, गाइड नाही, दुसरं काही नाही. बाबा म्हणाले, तेवढ्यासाठी चढेन तिसरा मजला, उतरताना बसत बसत उतरेन.

आणि तिसऱ्या दिवशी टिपवाली टूर घेतेय. हो, छत्रीवालीच. खिडकीवाली, तुझा अनुभव वाचूनसुद्धा. कारण बाबा म्हणाले, "नुसते आपण चौघं फिरलो तर मी बोललेलं कोण ऐकणार? गाइडने चुकीचं सांगू दे, दुरुस्त करायला मी आहे." नवऱ्याने त्या पंचवीस जणांसाठी आत्ताच शोक व्यक्त केलाय. आईची मागणी एकच, दुपारी बागेत बाक.

खिडकीवाली
घे बाई. वर टिप देऊ नकोस मात्र, उलट बाबांनीच मागावी.

दडपे_पोहे
बाबांना अजिंठ्याचं विचारून घ्या, फ्रेस्को की टेम्परा. निवृत्त शिक्षक सांगतील ते मान्य.

रेवा_ह्यूस्टन
विचारलं. म्हणाले, चुनखडी बरोबर. मग पाऊण तास थांबले नाहीत.

नवीन_सभासद_०४
छान धागा. आम्हीही दिवाळीत जातोय. फ्रीदाच्या घराची तिकिटं तिथे दारात मिळतात ना?