दोन चंद्रांच्या जगाची कालगणना: आकडे निःशेष भागणारे असावेत का?

प्रस्ताव

एका काल्पनिक जगावर दीर्घ कादंबरी लिहिताना मी त्या जगाची कालगणना आकाशावरून बांधली आहे. तिच्यातील एका निर्णयावर जाणकारांची मते हवी आहेत. या जगाला दोन चंद्र आहेत. थोरल्याची अमावास्या दर २८.५ दिवसांनी येते, धाकट्याची दर ९ दिवसांनी, आणि ऋतूंचे वर्ष ४००.२५ दिवसांचे आहे. थोरल्या चंद्राचे १४ महिने आलटून पालटून २८ आणि २९ दिवसांचे धरले, तर ३९९ दिवस भरतात. म्हणजे दरवर्षी सव्वा दिवस शिल्लक राहतो आणि सुमारे २३ वर्षांनी एक अधिक महिना घालावा लागतो.

महिना २८ दिवसांचा, धाकट्याचा फेरा ७ दिवसांचा आणि वर्ष ३९२ दिवसांचे करावे, म्हणजे सारे निःशेष भागेल, असा सल्ला मला मिळाला आहे. तो मला मान्य नाही, कारण कालगणनेतील जे जे मानवी आहे ते या शिल्लक सव्वा दिवसातूनच जन्माला येते. आपल्या पंचांगात बारा चांद्रमासांचे सुमारे ३५४ दिवस होतात आणि सौर वर्ष ३६५ दिवसांहून किंचित मोठे असते. या अकरा दिवसांच्या तफावतीतून अधिक मास आला आणि त्याच्यामागून त्याची व्रते, दाने आणि जावयाला द्यायचे तेहतीस अनारशांचे वाणही आले. माझ्या जगात अधिक महिना माणसाच्या आयुष्यात जेमतेम तीन वेळा येईल. त्या महिन्यात कर्जावर व्याज चढते का, विवाह होतात का, तो जाहीर करण्याचा अधिकार राजाचा की गणकांचा, हे प्रश्न ३९२ दिवसांच्या वर्षात कधीच उभे राहणार नाहीत.

पहिला प्रतिसाद, विरोधी

आपली तळमळ समजते, परंतु गुंतागुंत म्हणजेच वास्तवता हे गृहीतक मला पटत नाही. प्राचीन इजिप्तच्या नागरी वर्षात तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच दिवस होते. लीप दिवस नसल्यामुळे ते ऋतूंच्या तुलनेत दर चार वर्षांनी सुमारे एक दिवस सरकत असे, तरीही ते शतकानुशतके चालले. इस्लामी कालगणनेत अधिक मास नाही, त्यामुळे रमजान सुमारे ३३ वर्षांत सर्व ऋतूंतून फिरतो आणि कोट्यवधी लोक तो श्रद्धेने पाळतात. शिल्लक दिवसाची दखल न घेणे हीदेखील एक पूर्ण संस्कृती असू शकते. शिवाय वाचक कादंबरी वाचतो, गणित सोडवत नाही. चौथ्या प्रकरणातील लढाई आणि नवव्या प्रकरणातील जन्म यांत किती काळ गेला हे त्याला बोटांवर मोजता आले पाहिजे.

दुसरा प्रतिसाद, प्रस्तावाच्या बाजूने

इजिप्तचे उदाहरण प्रस्तावालाच बळ देते, कारण सरकणे घडले ते शिल्लक असल्यामुळेच. या जगात अधिक महिना घातलाच नाही, तर ८० वर्षांत सण १०० दिवस मागे येतील आणि आजोबांच्या लहानपणीचा वसंतोत्सव नातवाला ऐन थंडीत करावा लागेल.

प्रस्तावकांनी न मांडलेली एक गोष्ट मी मोजून पाहिली. २८.५ चे सहा फेरे आणि ९ चे एकोणीस फेरे दोन्ही १७१ दिवसांचे होतात. म्हणजे दर सहा महिन्यांनी दोन्ही चंद्रांची अमावास्या एकाच रात्री पडते. पहिल्या महिन्यापासून मोजल्यास ही काळरात्र पहिल्या वर्षी १, ७ आणि १३ या महिन्यांत, दुसऱ्या वर्षी ५ आणि ११ मध्ये, तिसऱ्या वर्षी ३ आणि ९ मध्ये येते. वर्षाचे महिने चौदा असल्यामुळे ती सदैव विषम महिन्यातच राहते, आणि अधिक महिना पडला की तिथून पुढे सम महिन्यांत जाते. एका पिढीची अशुभ रात्र विषम महिन्यांची, पुढच्या पिढीची सम महिन्यांची. दोन धर्मपंथ फुटायला एवढे कारण पुरेसे आहे. आपल्याकडे निरयन, म्हणजे स्थिर ताऱ्यांवरून मोजलेल्या, राशिचक्राचा आरंभ रेवतीच्या ताऱ्यापासून धरावा की चित्रेच्या समोरच्या बिंदूपासून, एवढ्या चार अंशांच्या वादामुळे टिळक पंचांग पाळणाऱ्या घरांत मकरसंक्रांत १० जानेवारीच्या सुमारास होते आणि इतरत्र १४ किंवा १५ जानेवारीला.

तिसरा प्रतिसाद, विरोधी

वरील काळरात्र सुंदर आहे, पण ती शिल्लक दिवसावर उभी नाही. ती १९ आणि ६ या तंतोतंत गुणोत्तरावर उभी आहे, आणि तेच प्रस्तावकांनी नाकारलेले निःशेष भागणे आहे. धाकट्याचा फेरा ९ ऐवजी ९.०१ दिवसांचा धरा. एकोणीस फेऱ्यांना १७१.१९ दिवस लागतील आणि पाच काळरात्रींनंतर दोन्ही अमावास्यांत जवळजवळ एका दिवसाचे अंतर पडेल. गुरूचे आयो, युरोपा आणि गॅनिमीड हे चंद्र १:२:४ अशा जवळपास नेमक्या नात्यात फिरतात, कारण अशा लहान पूर्णांकांच्या गुणोत्तरात परस्परांचे आकर्षण त्यांना बांधून ठेवते. १९:६ ला तसा आधार मिळणे अवघड आहे.

आणखी एक शंका. शेतकरी या अधिक महिन्याची वाट का पाहील? महाराष्ट्रात सण चांद्र तिथीने होतात, पण पेरणी मृगावर होते आणि मृग लागतो तो सूर्याच्या नक्षत्रप्रवेशाने, दरवर्षी ७ किंवा ८ जूनला. आपल्या जगातही नांगरणाऱ्यांची कालगणना ताऱ्यांची असणार. मग ही सगळी व्यवस्था केवळ देवळांपुरती उरते.

प्रस्तावकाचे उत्तर

काळरात्रीवरील आक्षेप माझ्या विरोधात नसून माझ्या बाजूचा आहे. ती विसकटू द्यावी. आज दोन्ही चंद्र मिळून नाहीसे होतात आणि काही वर्षांनी एकाची कोर उरते. ती रात्र पुन्हा जुळेल कधी हे केवळ जुन्या नोंदी जपणाऱ्यालाच सांगता येईल, आणि त्या नोंदी जाळणे हा माझ्या कथेतील खरा गुन्हा ठरेल. शेतकऱ्यांची तारकागणना वेगळी ठेवण्याची सूचना मी कृतज्ञतेने स्वीकारतो. करवसुली कोणत्या गणनेने व्हावी यावरच देऊळ आणि गाव यांचा संघर्ष उभा करता येईल.

पहिल्या प्रतिसादकाचा पुनःप्रतिसाद

हे सर्व पात्रांच्या तोंडून आले तर माझी हरकत नाही. परिशिष्टातील कोष्टकात आले तर आहे. अधिक महिन्यात जन्मलेल्या मुलीचा वाढदिवस घरचे कधी करतात, हे पहिल्या पन्नास पानांत एका साध्या प्रसंगातून कळू द्या. ते जमले तर ४००.२५ हा आकडा कुठेही छापण्याची गरज राहणार नाही.